केस ‘सुटली’ म्हणजे नक्की काय झालं? पुराव्याअभावी फौजदारी केस कशी संपते, पायरीपायरीने

शिमग्याला गावी गेलो तेव्हा देवळाच्या पायरीवर बसलेल्या एका आजोबांनी विचारलं, “काय झिला, सुटलंस मां केशीतून?” म्हटलं हो. “आणि तुझो भाव?” तो पण सुटला. “मगे दोघांचा एकच.” मी मान हलवली, कारण पालखी नाचत असताना कायदा कोण समजावत बसणार. पण दोघांचं एकच नव्हतं. माझी केस आरोप ठेवायच्या आधीच संपली आणि चुलतभावांची सगळी साक्ष होऊन निकालाने संपली, आणि या दोन गोष्टींचा पुढे होणारा परिणाम वेगवेगळा असतो. हे मला कळायला दोन वर्षं आणि मांडवी एक्सप्रेसची बरीच तिकिटं लागली, म्हणून लिहितोय. मी वकील नाही, आरोपी नंबर तीन होतो.

आधी थोडक्यात काय झालेलं. सिंधुदुर्गात खाडीकाठी आमचं गाव, सामाईक हापूसची बाग, सातबाऱ्यावर अकरा नावं. २०२२ च्या मे महिन्यात गडग्यावरून (बागेच्या दगडी कुंपणावरून) भांडण झालं, त्यात कोयती निघाली आणि चुलत घराण्यातल्या एकाच्या हाताला लागली. माझे दोन चुलतभाऊ तिथे होते, मी मुंबईत कामावर. तरी एफआयआरमध्ये माझं नाव, का तर म्हणे मी फोनवरून चिथावणी दिली. भाऊबंदकीत एक नाव लिहिलं की घरातली सगळी लिहायची ही आपल्याकडची जुनी पद्धत, मुंबईकराचं नाव तर आवर्जून, कारण त्याला तारखांना यायला जास्त त्रास होतो.

आधी बघा तुम्ही कुठल्या टप्प्यावर आहात

‘पुरावा नाही’ हे कोर्टात वाटेल तेव्हा बोलून चालत नाही. केसचे टप्पे असतात आणि प्रत्येक टप्प्यावर पुराव्याचा अर्थ वेगळा असतो. म्हणून पहिलं काम, कागद गोळा करा. एफआयआरची कॉपी पोलीस स्टेशनला मिळते आणि संवेदनशील गुन्हे सोडले तर महाराष्ट्र पोलिसांच्या साईटवरही असते, २०१६ साली सुप्रीम कोर्टाने तसा आदेशच दिलाय. केस कोर्टात गेली असेल तर ई-कोर्ट्सचं अॅप घ्या, तुमच्या केसचा सोळा अक्षरी सीएनआर नंबर टाका, पुढची तारीख आणि केस कशासाठी लागलीय ते दिसतं. वकिलाच्या कारकुनाला दर महिन्याला फोन करायची गरज उरत नाही (तरी आपण करतोच).

आणखी एक. १ जुलै २०२४ पासून जुनी सीआरपीसी (फौजदारी प्रक्रिया संहिता) जाऊन भारतीय नागरिक सुरक्षा संहिता आली, सगळे बीएनएसएस म्हणतात. त्या तारखेच्या आधी सुरू झालेला तपास, खटले जुन्याच कायद्याने चालू राहिले. त्यामुळे वकील २३९ म्हणाला आणि मोबाईलवर तुम्ही २६२ वाचलं तर घाबरू नका, एकच गोष्ट आहे. मी खाली नवीन कलमं देतोय.

चार्जशीटच्या आधी: समरी

तपासातच काही हाती लागलं नाही तर पोलीस चार्जशीटऐवजी समरी रिपोर्ट पाठवतात. हे अ, ब, क आपल्या महाराष्ट्र-गुजरातकडचं प्रकरण आहे. ‘अ’ म्हणजे गुन्हा खरा पण आरोपी सापडत नाही किंवा त्याच्याविरुद्ध पुरावा नाही. ‘ब’ म्हणजे तक्रार मुद्दाम खोटी केलेली. ‘क’ म्हणजे खरीही नाही खोटीही नाही, गैरसमजातून झालेली किंवा मुळात दिवाणी भानगड. जमिनीच्या वादात ‘क’ बरंच बघायला मिळतं.

समरी आली म्हणजे सुटलो असं नाही, मॅजिस्ट्रेटने ती मंजूर करावी लागते. त्याआधी फिर्यादीला नोटीस जाते, भगवंत सिंग केसमध्ये १९८५ सालीच सुप्रीम कोर्टाने सांगितलंय की त्याचं ऐकल्याशिवाय फाईल बंद करायची नाही. तो प्रोटेस्ट पिटिशन (समरीविरुद्ध हरकतीचा अर्ज) घालू शकतो. मॅजिस्ट्रेट समरी मान्य करू शकतो, आणखी तपास करा म्हणू शकतो, किंवा पोलिसांचं मत बाजूला ठेवून केस चालवायलाही घेऊ शकतो. म्हणजे पोलीस स्टेशनला कोणी “तुमचं नाव काढलं हो” म्हणाला तर चहा प्या, पण विश्वास ठेवू नका, मंजुरीची ऑर्डर हातात घ्या. ‘अ’ समरी असेल तर नवीन काही सापडल्यावर फाईल पुन्हा उघडू शकते. ‘ब’ मंजूर झाली तर खोटी तक्रार करणाऱ्यावर कारवाईचा मार्ग उघडतो, पण त्यासाठी मागे लागावं लागतं, आपोआप काही होत नाही.

चार्जशीट आली: डिस्चार्ज

इथे माझं स्वतःचं प्रकरण आलं म्हणून जरा जास्त लिहितो. आणि शब्दाचा घोळ आधी सांगतो. पेपरवाले ‘दोषमुक्त’ हा शब्द कधी डिस्चार्जला वापरतात कधी निर्दोष सुटण्याला, त्यामुळे मी सरळ डिस्चार्ज (आरोप ठेवायच्या आधीच सुटणं) आणि निर्दोष (खटला चालून निकालाने सुटणं) असंच लिहितो.

चार्जशीट दाखल झाल्यावर तुम्ही हजर झालात की सगळ्या कागदांच्या नकला फुकट मिळायला हव्यात, नवीन कायद्यात त्याला १४ दिवसांची मर्यादा आहे. घेताना पानं मोजून घ्या. मला मिळालेल्या गठ्ठ्यात डॉक्टरचं सर्टिफिकेट एवढं फिकं झेरॉक्स होतं की जखम किती सेंटिमीटरची ते वाचताच येत नव्हतं, अर्ज करून परत घेतलं. नकला मिळाल्यापासून ६० दिवसांत डिस्चार्जचा अर्ज करायचा (कलम २६२, मॅजिस्ट्रेटपुढची पोलीस केस). केस सेशन्सकडे वर्ग झाली असेल तर वर्ग झाल्यापासून ६० दिवस, कलम २५०. जुन्या कायद्यात ही मुदत नव्हती, त्यामुळे जुन्या सवयीचे काही जण अजूनही “बघू आरामात” म्हणतात. बघू नका.

आता मूळ मुद्दा. डिस्चार्जच्या वेळी कोर्ट फक्त पोलिसांचे कागद बघतं. माझ्याकडे त्या दिवसाचं ऑफिसचं हजेरी रेकॉर्ड होतं, त्या महिन्याच्या लोकलच्या पासची नोंद होती, मला वाटलं हे दाखवलं की खेळ खलास. वकिलांनी ऐकून घेतलं आणि म्हणाले हे सगळं परत पिशवीत घाला. देबेंद्रनाथ पाधी म्हणून ओरिसाची केस आहे, २००४ साली सुप्रीम कोर्टाच्या तीन जजनी स्पष्ट केलं की आरोप ठेवायच्या टप्प्यावर आरोपीने आपले कागद पुढे करायचे नाहीत, त्याचा बचाव पुढे खटल्यात. मला रागच आला, मी तिथे नव्हतो हे सिद्ध करायला दोन वर्षं थांबू? पण तसंच आहे. आणि खरं सांगायचं तर माझ्या बाबतीत हजेरीने काही सिद्धही होत नव्हतं, आरोप फोनवरून चिथावणीचा होता, माणूस मुंबईत असूनच फोन करणार ना.

मग करायचं काय तर त्यांचेच कागद त्यांच्यावर उलटवायचे. मी एका रविवारी चार्जशीट घेऊन बसलो आणि वहीत तीन रकाने पाडले: कोण बोललं, माझ्याबद्दल काय बोललं, त्याला ते कसं कळलं. जखमीच्या जबाबात माझं नावच नाही. दोन साक्षीदारांनी मारहाण पाहिली, त्यात मी नाही. फिर्यादीत एकच वाक्य, “मुंबईहून याने फोनवरून भडकावल्याचे मला समजले.” कोणाकडून समजलं, नाही. कॉल रेकॉर्ड चार्जशीटला जोडलंय का, नाही. भावाचा फोन जप्त केलाय का, तोही नाही. ऐकीव एक वाक्य सोडलं तर माझ्या रकान्यात काही नव्हतं. ही वही वकिलांना दिली, त्यांनी अर्ज त्यावरच बांधला, पान नंबरासकट. तुम्हीही हेच करा, वकिलांकडे पन्नास केसेस असतात, तुमच्या चार्जशीटचं पान ४७ तुम्हालाच पाठ असायला हवं.

कोर्ट काय मोजतं ते १९७८ च्या प्रफुल्लकुमार सामल केसपासून ठरलेलं आहे. पुरावा शिक्षेला पुरेल का हे आत्ता बघत नाहीत, फक्त गंभीर संशय उभा राहतो का ते बघतात. नुसता संशय असेल तर सोडायचं, गंभीर असेल तर आरोप ठेवायचा. म्हणजे साक्षीदार नातेवाईक आहेत, जबाबात थोडी विसंगती आहे, पंच त्यांच्या गटातला आहे, या मुद्द्यांवर डिस्चार्ज मिळत नाही, ते उलटतपासाचं काम. माझ्या चुलतभावांनीही अर्ज केलेला, तो फेटाळला गेला आणि बरोबरच होतं, त्यांच्याविरुद्ध डोळ्यांनी पाहणारे साक्षीदार होते. अर्ज फेटाळला तर सेशन्समध्ये रिव्हिजन (त्या ऑर्डरची फेरतपासणी) करता येते, ९० दिवसांच्या आत.

अर्ज दिला की सरकारी वकिलांचं म्हणणं मागवतात, त्यात दोन-तीन तारखा जातात, मग युक्तिवाद, मग ऑर्डर. माझी ऑर्डर दीड पानाची होती. दीड पान.

एक मोठा अपवाद लक्षात ठेवा. ज्या गुन्ह्याला दोन वर्षांपर्यंतच शिक्षा आहे ती समन्स केस, साधी मारहाण, शिवीगाळ वगैरे, तिच्यात डिस्चार्जचा टप्पाच नसतो. पोलीस केस असेल तर कलम २८१ खाली मॅजिस्ट्रेट कारणं लिहून कामकाज थांबवू शकतो, मुख्य साक्षीदार झाल्यावर थांबवलं तर निर्दोष समजतात, आधी थांबवलं तर डिस्चार्जसारखं. आणि आंबे-काजू चोरीवाल्यांसाठी खास: चोरीचा माल २०,००० रुपयांपर्यंतचा असेल तर आता संक्षिप्त खटला चालतो, त्याला समन्स केसचीच पद्धत, त्यामुळे तिथेही डिस्चार्जचा अर्ज घेऊन जाऊ नका. चार पेट्या आंब्यांची केस असेल तर वकिलाला आधी किंमत विचारा, कलम नंतर.

हायकोर्टातून रद्द करणं

गावात कोणालाही विचारा, पहिला सल्ला हाच, “हायकोर्टात जाऊन क्वॅश कर.” कलम ५२८ (जुनं ४८२). १९९० च्या भजनलाल निकालात सुप्रीम कोर्टाने सात प्रकार सांगितलेत, त्यातले आपल्या कामाचे दोन: फिर्याद जशीच्या तशी खरी मानली तरी गुन्हाच होत नाही, किंवा केस उघडपणे सूडबुद्धीने केलेली आहे. पण हायकोर्ट साक्षीपुरावा तोलत बसत नाही, “तो खोटं बोलतोय” हे तिथे चालत नाही. तिथे चांगलं चालतं ते तडजोडीचं प्रकरण, ग्यान सिंग निकालापासून (२०१२) खासगी स्वरूपाच्या वादात दोन्ही बाजू मिटल्या तर केस रद्द करता येते, फिर्यादीचं अॅफिडेव्हिट लागतं. खून, बलात्कार असल्या गुन्ह्यांत नाही.

आपल्यासाठी चांगली बातमी म्हणजे १८ ऑगस्ट २०२५ पासून कोल्हापूरला हायकोर्टाचं सर्किट बेंच सुरू झालंय, रत्नागिरी आणि सिंधुदुर्ग त्यात आहेत. म्हणजे फोंडा किंवा गगनबावडा घाट चढला की हायकोर्ट. रायगडवाल्यांचं मुंबईच.

सरकारने केस मागे घेणं हा वेगळा मार्ग, जास्त करून आंदोलनांच्या केसेसमध्ये. २०१९ च्या डिसेंबरात नाणारच्या रिफायनरीविरोधी आंदोलकांवरचे गुन्हे मागे घ्यायची घोषणा झाली तेव्हा बऱ्याच जणांना वाटलं की झालं, सुटलो. घोषणेने केस संपत नाही. सरकारी वकिलाने अर्ज करायचा आणि कोर्टाने संमती द्यायची (कलम ३६०), तोवर तारखेला हजर राहायचं. न राहिलात तर वॉरंट निघेल आणि मंत्री काही जामीन राहायला येणार नाही.

खटला चालला तर

इथे सर्वात जास्त केसेस पुराव्याअभावी सुटतात आणि बहुतेक वेळा तीच तीन-चार कारणं. चुलतभावांच्या केसमध्ये त्यातली तीन भेटली. कोयती जप्त केल्याचा पंच फितूर झाला, म्हणाला “माजी कोऱ्या कागदार सही घेतलेली.” डॉक्टर म्हणाले जखम पडूनही होऊ शकते, आणि तपासात त्यांना कोयती दाखवून मत विचारलंच नव्हतं. दोन साक्षीदारांपैकी एक मुंबईला गेला तो आलाच नाही, दुसऱ्याने उलटतपासात मान्य केलं की तो गडग्यापलीकडे होता आणि करवंदीच्या जाळीतून नीट दिसलं नाही.

लोकांचा गैरसमज असा की साक्षीदार फितूर झाला म्हणजे केस मेली. तसं नाही, फितुराच्या साक्षीतला भरवशाचा भाग कोर्ट वापरू शकतं. आणि साक्षीदाराला फोडायला जाऊ नका, नवीन गुन्हा होईल तो वेगळा. उलट बाजूने, हेही माहीत असू दे की एफआयआर हा स्वतः पुरावा नसतो, पोलिसांपुढे दिलेली कबुली आरोपीविरुद्ध वापरता येत नाही (तिच्यामुळे एखादी वस्तू सापडली तर तेवढाच भाग येतो), आणि व्हॉट्सअॅपचे स्क्रीनशॉट इलेक्ट्रॉनिक पुराव्याच्या सर्टिफिकेटशिवाय टिकत नाहीत, जालन्याच्या निवडणूक वादातून आलेला अर्जुन पंडितराव खोतकर निकाल (२०२०) त्यावरच आहे. आमच्या समोरच्यांनी सगळ्या व्हॉट्सअॅप शिव्यांचे प्रिंटआऊट लावलेले, सर्टिफिकेट नव्हतं, कोर्टाने बघितलेच नाहीत. शिव्या खऱ्या होत्या, हे मात्र मान्य करतो.

सरकार पक्षाने पुरावा संपल्याची पुरसिस (तसं लेखी निवेदन) दिली की आरोपीचा जबाब होतो. सेशन्स केसमध्ये यानंतर जजला वाटलं की आरोपीने गुन्हा केल्याचा पुरावाच नाही तर कलम २५५ खाली तिथल्या तिथे निर्दोष सोडता येतं, बचावाचे साक्षीदार आणायची वेळच येत नाही. मॅजिस्ट्रेटकडे मात्र युक्तिवाद होऊन निकाल. निकालात एक फरक वाचा: “आरोप शाबीत झाला नाही” आणि “संशयाचा फायदा”. कायद्याने दोन्ही निर्दोषच, पण पोलीस भरती किंवा सरकारी नोकरीच्या पडताळणीत संशयाचा फायदा म्हटलं की साहेब भुवई वर करतात.

सुटल्यानंतरची कामं, जी कोणी सांगत नाही

निकालाच्या दिवशी सगळे हॉटेलात मिसळपाव खायला गेले, मी पण. नंतर आठ महिन्यांनी पासपोर्टच्या पोलीस व्हेरिफिकेशनमध्ये माझ्या नावावर केस पेंडिंग दिसली. पोलिसांकडच्या रेकॉर्डला ऑर्डर पोचलीच नव्हती. आपल्याकडे आखातात आणि बोटीवर जाणारी मुलं घराघरात आहेत, त्यांची तर यात नोकरीच जाते. म्हणून ऑर्डर झाली त्याच दिवशी नकलेचा अर्ज टाका, तीन सर्टिफाईड कॉपी घ्या, एक पोलीस स्टेशनला पोच घेऊन द्या आणि रेकॉर्ड अपडेट करा असं लेखी लिहा. पोच महत्त्वाची. केस चालू असतानाच पासपोर्ट हवा असेल तर त्याच कोर्टाची परवानगी मागता येते.

जामीनदाराचं बघा. ज्या काकांनी सातबारा देऊन जामीन घेतला त्यांचा बॉण्ड रद्द झाल्याचं ऑर्डरमध्ये आहे का वाचा. निर्दोष सुटणाऱ्याकडून वरच्या कोर्टात हजर राहायचा सहा महिन्यांचा बॉण्ड घेतात, तो वेगळा.

आणि आता आजोबांना जे सांगता आलं नाही ते. चुलतभाऊ निर्दोष सुटले, सरकार किंवा जखमी अपील करू शकतात, पण तो निकाल कायम आहे तोवर त्याच गुन्ह्यासाठी त्यांच्यावर दुसरा खटला चालू शकत नाही, कलम ३३७. मला फक्त डिस्चार्ज. उद्या खरंच माझ्याविरुद्ध नवीन पुरावा आला तर मला परत उभं करता येतं. म्हणून मी माझा सगळा गठ्ठा, हजेरीच्या रेकॉर्डसकट, पत्र्याच्या पेटीत ठेवलाय. फॉर्ममध्ये “तुमच्यावर कधी गुन्हा दाखल झाला होता का” असं विचारलं तर हो लिहायचं आणि ऑर्डर जोडायची, २०१६ च्या अवतार सिंग निकालानंतर लपवणं जास्त अंगाशी येतं, सुटलेली केससुद्धा.

खोट्या केसबद्दल नुकसानभरपाईचा दावा लावायचा असेल तर केस संपल्यापासून एक वर्ष असतं. मी लावला नाही. आईने विचारलं की मग पुढच्या मेमध्ये आंबे कोणाच्या माणसांबरोबर उतरवणार, बाग अजून सामाईकच आहे. वकिलाची फी परवडत नसेल तर तालुका विधी सेवा समितीकडे जा, तालुक्याच्या कोर्टातच असते, किंवा १५१०० ला फोन करा. कोयतीचं म्हणाल तर अपीलाची मुदत संपल्यावर मुद्देमालाची विल्हेवाट लावा असं निकालात लिहिलंय, मोठी काकी अजून विचारते कधी मिळणार, चांगली पाजवलेली होती.